आजोबांना वाहिलेला आवाज

लामदुआनच्या पिक्चरबद्दल तिच्या गावाचं एकमत होतं. "लांबून म्हैस येते. येते, येते, येतेच आहे. ती जवळ पोचली की पिक्चर संपतो." नोंग खामच्या लोकांनी हे मत न बघताच बनवलं होतं, असं मात्र म्हणता येणार नाही. पहिला पिक्चर तिने गावातच दाखवला होता, विहाराच्या आवारात, चटया अंथरून. अर्धी माणसं झोपली, आणि उरलेली अर्धी त्यांना उठवून घरी न्यायचं म्हणून थांबली. त्याच पिक्चरला पुढे कुठल्याशा थंड देशात बक्षीस म्हणून काचेचा एक जड ठोकळा मिळाला. तिच्या आईने, बुआलाने, तो भाताच्या टोपलीवर ठेवायला घेतला. मांजराला झाकण उघडता येईना, त्यामुळे बक्षिसाबद्दल घरात चांगलं बोललं जाई.

दुआनचं काम करायचं तंत्रही जगावेगळं होतं. ती बँकॉकमध्ये जाहिरातींची चित्रं कापायच्या-जोडायच्या कंपनीत नोकरी करायची. पगारातून पैसे साठले की उन्हाळ्यात रजा टाकून गावी यायची, सोबत छोटा कॅमेरा आणि दोन वेळच्या भातावर आणि मैत्रीखातर राबणारे एकदोन मित्र. नट नाहीत, निर्माता नाही. एकदा बँकॉकचा एक निर्माता गाडी घेऊन आला होता. म्हणाला, एक नावाजलेली नटी घे, चार संवाद टाक, बाकी तुझ्या मनासारखं कर. दुआन नाही म्हणाली. त्याने बुआलाने भाजलेली अख्खी कोंबडी खाल्ली आणि तो निघून गेला. पुढे कितीतरी वर्षं घरात त्याची आठवण निघायची ती त्या कोंबडीपायी.

तिचा कॅमेरा एकदा जमिनीवर ठेवला की हलत नसे. समोर जे घडेल ते घडेल. आणि चित्रण चालू असताना ही बाई डोळे मिटून बाजूला बसून राहायची, कानाला हेडफोन लावून. पंख्याची घरघर, झोळीच्या दोरीचं करकरणं, उखळात कच्ची पपई कुटल्याचा आवाज, शेतातले बेडूक, बंद पडत आलेला पंप, असले आवाज ती दिवसचे दिवस गोळा करत बसे. सगळं ऐकू येई तिच्या पिक्चरमध्ये. फक्त माणूस बोलत नसे. एकसुद्धा.

याचा सगळ्यात जास्त राग होता थोंगसाय मावशीला. ही बुआलाची थोरली बहीण आणि दुआनच्या सगळ्या पिक्चरची नायिका. "मला सकाळपासून तांदूळ पाखडायला लावले," ती ज्याला त्याला सांगायची. "पाखडून झाले, तर परत त्याच सुपात ओतले आणि म्हणते, परत पाखड. आणि दिवसभरात एक शब्द बोलू दिला नाही! मला! परदेशातली माणसं म्हणत असतील, बिचारी बाई मुकी दिसते."

शहाणी माणसं या गप्प राहण्यावर मोठमोठे लेख लिहीत. कुणी म्हणे, ही ईसान भागातल्या खेड्यांची दाबलेली वेदना. कुणी म्हणे, हे मौन म्हणजे सत्तेला उत्तर. दुआन मान हलवून सगळ्यांना हो म्हणायची. खरं कारण तिने कुणाला सांगितलं नाही, कारण तिला त्याची लाज वाटायची. पन्नाशीला आलेली बाई बापाच्या आवाजासाठी झुरते, हे कोणत्या तोंडाने सांगणार?

तिचा बाप खामपन. आज मिरच्या लावणारा म्हातारा, पण एके काळी रोई-एत शहरापासून 'ची' नावाच्या नदीच्या दोन्ही काठांवर त्याच्या नावाने माणसं जमायची. तेव्हा पिक्चर मुके यायचे. औषधं विकणाऱ्या कंपनीची गाडी गावोगाव फिरायची, दोन बांबूंना पांढरा कपडा ताणायचा, आणि यंत्राशेजारी माईक घेऊन एक पुरुष आणि एक बाई बसायची. पडद्यावरचे सगळे पुरुष तो पुरुष बोलणार, सगळ्या बायका ती बाई. गाडीवर लाल अक्षरांत लिहिलेलं असे, 'सोनकंठ खामपन'. नायक तोच, खलनायक तोच, राजा, भिक्खू, दरोडेखोर आणि कुत्राही तोच. हिंदुस्तानी पिक्चर आला, तर त्यातला गोरागोमटा नायक आईच्या पायांवर डोकं ठेवून ढसाढसा रडायचा आणि खामपनच्या तोंडून आंबवलेल्या माशांची चटणी मागायचा. बायका पदरात तोंड लपवून हसायच्या आणि रडायच्याही. मग नायिका कड्याला लोंबकळत असताना खामपन यंत्र थांबवायचा आणि जंतांचं औषध विकायला काढायचा. औषध खपल्याशिवाय तिला कुणी वर ओढायचं नाही, असा नियमच होता.

पुढे बँकॉकहून आवाजासकट रिळं यायला लागली. मग कॅसेटी आल्या. गाडी विकली गेली. ज्या आवाजासाठी माणसं दोन गावं ओलांडून चालत यायची, तो सरपंचाच्या कर्ण्यावरून 'उद्या लस टोचणार आहेत, कुत्री बांधून ठेवा' एवढं सांगण्यापुरता उरला. खामपनने यंत्रांशी वैर धरलं. "यंत्रात शिरलेला आवाज आमच्या पोटावर आला," तो म्हणायचा. "मी नाही त्यात शिरणार." फोनवर बोलायचा तोसुद्धा दोन शब्द. त्याचा आवाज कुठेच, कशातच साठवलेला नव्हता.

आणि दुआनची पंचाईत अशी, की लहानपणी तिने जेवढे पुरुष पडद्यावर पाहिले ते सगळे बापाच्या आवाजात बोलले होते. बँकॉकमध्ये संवाद लिहायला बसली, की पहिलीच ओळ कानात बापाच्या आवाजात यायची. मग तीच ओळ एखादा नट बोलला, की तिला वाटे, आपल्या घरात कुणी परका माणूस शिरून पाणी मागतोय. ती ओळ कापून टाकायची. दुसरी लिहायची, तीही कापायची. असं करता करता पिक्चरमध्ये बोलणारं कुणी उरलंच नाही. शेवटी एका उन्हाळ्यात धीर करून तिने बापाला विचारलं, "पो, माझ्या पिक्चरमध्ये बोलाल?" पो म्हणजे बाप. अख्खा गाव त्याला पो खामपनच म्हणायचा.

"कुठे बोलायचं?"

"एका खोलीत. माईक असतो."

"समोर माणसं?"

"माणसं नसतात, पो."

"मग मी काय भिंतीशी बोलू? तुझ्या पिक्चरमध्ये सगळे मुके आहेत, ते बरंय. मुक्यांना आवाज देऊन त्यांची झोपमोड कशाला करायची?"

त्यानंतर बापलेकीत बोलणं झालं ते बुआलाच्या मार्फत. "तुझ्या बापाला सांग" आणि "तुझ्या लेकीला सांग." बुआला भात वाढता वाढता इकडचं तिकडे पोचवायची आणि मध्ये स्वतःचं थोडं मीठही घालायची.

बुआला गेली ती झोपेतच, काही आजारपण न काढता. दुआन अंत्यसंस्काराला आली. परत जायचं म्हणून पिशवी भरली, आणि तेव्हा तिच्या लक्षात आलं की बापाचा आवाज फाटतोय. बोलताना मध्येच नुसती हवा यायची. खोनकेनच्या इस्पितळात नेलं. डॉक्टर मुलगी समजूतदार होती. गळ्यातली आवाजाची पेटी काढावी लागेल म्हणाली, नाहीतर गाठ पसरेल. श्वास गळ्याला पाडलेल्या भोकातून घ्यायचा. आवाज राहणार नाही.

"आणि भात?" खामपनने विचारलं.

"भात खाता येईल, पो. हळूहळू."

"मग हरकत नाही," असं म्हणून तो खिडकीबाहेर बघत बसला.

दुआनने नोकरी सोडली आणि गावीच राहिली. आता तिला एकच ध्यास लागला. ती पेटी निघायच्या आत तिला बापाचा आवाज हवा होता. प्रांतभरच्या बेडकांचा आवाज तिच्याकडे होता, बापाचा नव्हता. तिने विनवलं, रागावली, रडलीसुद्धा. "पो, काहीही बोला. मिरच्यांचे भाव बोला. मी यंत्र दूर ठेवीन, तुम्हाला दिसणारही नाही."

"न दिसणारं यंत्र जास्त वाईट," तो म्हणाला आणि मिरच्यांना पाणी घालायला गेला.

बुआलाला जाऊन शंभर दिवस झाले, तेव्हा भिक्खूंना जेवण घातलं. भिक्खू जेवून उठले आणि भांडी घासायला बसलेल्या थोंगसाय मावशीने एकदम हातातली कढई खाली ठेवली. "एक सांगायचं राहिलंय," ती म्हणाली. "बुआलाने आजोबांना नवस बोलला होता. मी सोबत होते."

आजोबा म्हणजे गावाचे राखणदार. गावाच्या वेशीवर राईत त्यांचं ठाण आहे, खांबांवर उभं केलेलं छोटं लाकडी घर. तिथे नवस फेडायचा तो पिक्चर दाखवून, ही आमच्याकडची रीत. माणसं आली तर आली, पण पुढची चटई आजोबांची, ती रिकामी ठेवायची. सक्तीच्या सैन्यभरतीत मुलाची चिठ्ठी निघू नये म्हणून कोणी नवस बोलतं, कोणी लॉटरीसाठी. बोलताना काय दाखवणार ते नीट सांगायचं असतं, आणि एकदा उदबत्ती पेटली की शब्द फिरवता येत नाही.

"काय बोलली ती?" खामपनने विचारलं.

"म्हणाली, माझी दुआन घरी राहायला येऊ दे. आली की तिचाच पिक्चर तुम्हाला दाखवीन, आणि तिचा बाप त्यात बोलेल." मावशीने कपाळावर हात मारला. "मी तिला तिथल्या तिथे चिमटा काढला. म्हटलं, अगं बाई, तिच्या पिक्चरमध्ये कुणी बोलतं का? मी इतके पिक्चर करून बसलेय, मला विचार! तर म्हणते, आता तोंडून निघून गेलं, ताई. उदबत्तीही पेटलीये."

ठाणाचे पुजारी लुंग बुनथम तिथेच पान चघळत बसले होते. गाव त्यांना लुंग, म्हणजे काका म्हणायचं. त्यांनी बोटांवर हिशेब केला. "पोरगी राहायला आली ना? मग आजोबांनी त्यांचं काम केलं."

"ती आईच्या मौतीला आली!" मावशी ओरडली.

"कशी आणायची ते बुआलाने सांगितलं नव्हतं," बुनथम म्हणाले. "आण, एवढंच म्हणाली होती."

खामपन उठून आत गेला, बराच वेळ बाहेर आला नाही. आला तेव्हा डोळे लाल होते. "न फेडलेला नवस डोक्यावर घेऊन मी त्या सुरीखाली जाणार नाही," तो म्हणाला. "पोरीला सांग, तयार असलेला पिक्चर लाव." पोरगी समोरच उभी होती. सांगायला बुआला नव्हती, म्हणून मावशीने सांगितलं.

बुनथमना मात्र काळजी पडली होती. ते दुआनला बाजूला घेऊन म्हणाले, "पोरी, त्यात मारामारी आहे का? आजोबांना मारामारी आवडते."

"नाही, लुंग."

"विनोद?"

"नाही."

"निदान एखादं भूत?"

"लुंग, त्यात एक बाई रस्त्याच्या कडेला बाटल्यांतून पेट्रोल विकायला बसते."

"आणि मग?"

"बसते."

बुनथमनी पानाची पिंक टाकली. "आजोबा सहनशील आहेत," ते म्हणाले.

खामपनने पिक्चर आधी बघायला साफ नकार दिला. आधी बघून बोलतात ते शिकाऊ, म्हणे. आणि एक अट घातली. "आवाज भरायचा नाही. आजोबांना वाहिलेलं परत घरी न्यायचं नसतं."

"असं काही नाही हं," बुनथम मध्येच बोलले. "वाहिलेली कोंबडी आपणच खातो की."

खामपनने त्यांच्याकडे असं बघितलं, की लुंग आपल्या पानाच्या डब्याकडे वळले. दुआनला कळलं, ही अट आजोबांची नाही, बापाची आहे. तरी ती हो म्हणाली. आणि हो म्हणूनही छोटं यंत्र पिशवीत टाकून घेऊन गेली. आता याला काय म्हणायचं ते म्हणा.

इस्पितळात जायच्या आदल्या आठवड्यात, ऊन कलल्यावर, राईत पडदा उभा राहिला. गाव लोटला होता. पिक्चरसाठी नव्हे, हे दुआनलाही कळत होतं. म्हाताऱ्या बायका काठ्या टेकत, नातवांचे खांदे धरत आल्या होत्या, आणि एकमेकींना सांगत होत्या, आज खामपन बोलणार आहे. पुढच्या चटईवर उकडलेली कोंबडी आणि तांदळाच्या दारूची बाटली, आणि आजोबा. त्यांच्या मागे सगळे. खामपन यंत्राशेजारी पत्र्याच्या खुर्चीवर बसला. माईकला त्याने हातरुमाल गुंडाळला, दोनदा फुंकर मारली. दुआन त्याच्या मागे खाली बसली, पिशवी मांडीवर घेऊन.

अंधार पडला आणि पडद्यावर रस्ता आला. रिकामा, लांबच लांब, उन्हाने पांढरा झालेला. दुआनने तो पुष्कळ वेळ तसाच ठेवला होता. या रस्त्यावर एका समीक्षकाने दोन पानं लिहिली होती.

"आजोबा, नमस्कार," कर्ण्यातून आवाज आला. "मी खामपन. ओळखलंत का? आवाज जरा बसलाय, चालवून घ्या. पिक्चर माझ्या पोरीचा आहे. हा रस्ता. चांगला दिसतोय ना? दिसणारच. त्याचं उद्घाटन दर निवडणुकीला होतं."

राईत हशा उसळला. दुआनचे कान तापले. तिची ती शांतता, जिच्यासाठी तिने तीन उन्हाळे जाळले होते, ती बापाने एका वाक्यात उधळली. तेवढ्यात लांबून म्हैस दिसायला लागली.

"आले, आले!" म्हैस बापाच्या आवाजात पण बाईच्या ठसक्यात धापा टाकत बोलली. "येते म्हटलं ना! गाव नुसतं नावं ठेवतं मला. चालून बघा की या उन्हात चार पायांवर! आणि ती दुआन तिकडे डोळे मिटून बसलीये. बघत पण नाही मेली, मी कशी चालते ते."

म्हाताऱ्या बायका एकमेकींच्या अंगावर पडून हसत होत्या. पडद्यावर थोंगसाय मावशी बाटल्या पुसत बसली होती. तिच्यापुढे सायकलवरून लॉटरीवाला येऊन थांबला, आणि खामपनने दोघांचं असं काही जुळवलं, की लॉटरीवाला खरंच लाजलाय असं वाटावं. "एक तिकीट घे ना, सुंदरी." "सुंदरी तुझी आजी! पेट्रोल घ्यायचं तर घे, नाहीतर सावली सोड." खरी मावशी चटईवर ताठ बसली होती. "मी अशी बोलते?" तिने विचारलं. "याहून जोरात," मागून कुणीतरी म्हणालं.

एका जागी त्याला खोकल्याची उबळ आली. थांबून पाणी प्यायला, आणि म्हणाला, "इथे मी पूर्वी पिक्चर थांबवून जंतांचं औषध विकायचो. आज तुम्ही सुटलात."

दुआनला कळेना आपण रागावलोय की काय. तिच्या पिक्चरला कुणी कधी हसलं नव्हतं. आणि मग तिच्या लक्षात आलं की आपणही हसतोय, तोंड पिशवीत खुपसून, आणि डोळ्यांतून पाणी वाहतंय. तिने लिहिलेल्या आणि कापून टाकलेल्या सगळ्या ओळींपेक्षा तो चांगलं बोलत होता. तो आवाज फाटलेला होता, घोगरा झाला होता, पण तोच होता. लहानपणी औषधांच्या गाडीच्या टपावर निजून तिने ऐकलेला. तिला तो हवा होता, आत्ता, कायमचा. तिने पिशवीत हात घातला. यंत्राचं बटण बोटाखाली आलं.

आयुष्यभर तिने कुणाची परवानगी न विचारता आवाज उचलले होते. बेडकांना कोण विचारतं? पण हा माणूस नको म्हणाला होता. त्याने आयुष्यात तिच्याकडे मागितलं ते एवढंच. दुआनने हात बाहेर काढला आणि मांडीवर ठेवला.

शेवटचं दृश्य आलं. बाई पाठमोरी उभी. संध्याकाळची बस येते, थांबत नाही, निघून जाते. बाई रस्त्याकडे बघत राहते. बाकी काही घडत नाही. दुआनने हे दृश्य फार लांबवलं होतं. लोक आता काय गंमत होते म्हणून वाट बघत होते. मग खामपन बोलला, पण म्हशीच्या आवाजात नाही, मावशीच्याही नाही. हळू, शेवटचे शब्द गिळत. बुआला बोलायची तसं.

"हीपण बस गेली. असू दे. उद्याची येईल... दुआन, आलीस की आधी हातपाय धू. भात झाकून ठेवलाय. मग मागे जा, बाप मिरच्यांत असेल. तो आपणहून बोलणार नाही. तूच बोल."

थोंगसाय मावशीने तोंडावर पदर घेतला. पडदा पांढरा झाला. कुणी टाळी वाजवली नाही. सगळ्यांनी ठाणाकडे तोंड करून हात जोडले. कौल बघायला बुनथमनी कोंबडीच्या जबड्याचं हाड काढून दिव्यापुढे धरलं. दोन्ही टोकं सरळ, सारखी. "घेतलं आजोबांनी," ते म्हणाले. मग सगळ्यांनी मिळून कोंबडी खाल्ली.

शस्त्रक्रिया नीट झाली. खामपन घरी आला तो गळ्याला पांढरी पट्टी बांधून. माणसं भेटायला येत, मोठ्या आवाजात बोलत, जणू तो बहिरा झालाय. तो मान हलवायचा. भात खायचा, हळूहळू, डॉक्टर म्हणाली होती तसा. आणि दिवसभर खांबांवरच्या घराखाली बांबूच्या बाजेवर पडून रस्त्याकडे बघत राहायचा. दुआन जवळ बसून असायची. घरात पंखा फिरायचा, बाहेर कोंबड्या कॉक कॉक करायच्या. हे सगळं अगदी तिच्या पिक्चरसारखं होतं आणि तिला ते सहन होत नव्हतं.

एका दुपारी मिरच्या निवडत ती आणि मावशी तिथेच बसल्या होत्या. खामपनने तिच्या हाताला हात लावला. मग स्वतःच्या कानामागे तळवा धरला. तिला कळलं नाही. त्याने तिच्या पिशवीकडे बोट दाखवलं, हवेत बोटाने चाक फिरवलं, आणि परत कानामागे तळवा धरला. चेहऱ्यावर चोरी पकडणाऱ्याचं हसू होतं. ऐकव. भरलं असशीलच. ऐकव मला.

दुआनच्या हातातली मिरची तशीच राहिली. "पो," ती म्हणाली, "तुम्ही नको म्हणाला होतात."

त्याने भुवया उंचावल्या. परत पिशवीकडे बोट.

"नाही हो, पो. शपथ. यंत्र होतं, पण मी बटण दाबलं नाही."

खामपन तिच्याकडे बघत राहिला. हसू हळूहळू उतरलं. थोंगसाय मावशीने हातातलं सूप आपटलं. "जन्मात एकदा बापाचं ऐकलंस," ती किंचाळली, "आणि तेही नेमकं तेव्हा?"

खामपनचे खांदे हलायला लागले. तो हसत होता. आवाज नव्हता, नुसती गळ्याच्या पट्टीतून हवा येत होती, फस् फस्. हसता हसता त्याचे डोळे भरले आणि त्याने ते पुसलेही नाहीत. त्याला ऐकायचा होता स्वतःचा आवाज, एकदाच. तो कुठेच नव्हता.

दुआनने मिरच्यांचं टोपलं बाजूला सारलं. घसा खाकरला. एवढी वर्षं तिने पडद्यावर कुणाला बोलू दिलं नव्हतं, स्वतः तर कधीच बोलली नव्हती. "आजोबा, नमस्कार," तिने सुरू केलं. "मी खामपन. ओळखलंत का?"

खामपनने हात वर केला. चूक. त्याने तळवा खाली खाली नेऊन दाखवला. खालच्या पट्टीत. तिने परत म्हटलं. आता त्याने मान डोलावली. ती पुढे गेली, रस्ता, उद्घाटन, म्हैस. म्हशीला त्याने तीनदा थांबवलं, तीनदा परत म्हणायला लावलं. मावशीने स्वतःचे संवाद स्वतःच बोलायचा हट्ट धरला आणि याहून जोरात बोलली. शेजारच्या बायका कुंपणापाशी येऊन उभ्या राहिल्या. असं करत करत ती शेवटच्या दृश्यापाशी पोचली, बस निघून गेली, आणि तिला पुढे बोलवेना. आईचा आवाज बापाच्या गळ्यातून आला होता. तो आपल्या गळ्यातून कसा काढायचा, तिला कळेना.

खामपनने बाजेच्या बांबूवर दोन बोटं टकटक वाजवली. गाडीत माईकपाशी बसून शेजारच्या बाईला तो अशीच खूण करायचा. तुझी पाळी, बोल.

"हीपण बस गेली," दुआन म्हणाली. "असू दे. उद्याची येईल."